शिफारशीच्या याद्यांत पुस्तकाचा पत्ता नसतो

मा. संपादक,
स. न. वि. वि.

वर्षअखेरीस वृत्तपत्रांतून येणाऱ्या 'वाचायलाच हवीत' अशा याद्यांत आता साहित्यिक कादंबऱ्यांच्या जोडीने ग्राफिक नॉव्हेल (चौकटींतल्या चित्रांतून सांगितलेली सलग पुस्तके) आणि निबंधसंग्रहही दिसू लागले आहेत, ही चांगली गोष्ट. पण प्रत्येक पुस्तकासोबत छापलेले असते काय? मुखपृष्ठ, लेखकाचे नाव आणि 'अंतर्मुख करणारे' किंवा 'खिळवून ठेवणारे' असे एखादे विशेषण. एवढ्या माहितीवर पुस्तक विकत घेता येते, निवडता येत नाही. शिवाय हे तिन्ही प्रकार एकाच मापाने मोजता येत नाहीत. कादंबरीचा माग अनुवादकाच्या आणि प्रकाशकाच्या नावावरून लागतो, निबंधाचा पूर्वप्रसिद्धीच्या टिपेवरून (लेख आधी कुठे छापून आला ते सांगणाऱ्या) आणि ग्राफिक नॉव्हेलचा थेट पानावरून. परीक्षणांतून नेमक्या याच तीन गोष्टी गाळल्या जातात.

सर्वांत जास्त घोळ ग्राफिक नॉव्हेलबाबत आहे. पहिला घोळ कपाटाचा. ग्रंथालयांत पुस्तकांना विषयवार क्रमांक देणाऱ्या ड्यूई दशांश पद्धतीत कॉमिक्स आणि ग्राफिक नॉव्हेल यांचा क्रमांक ७४१.५, म्हणजे रेखाचित्रकलेच्या वर्गात. युद्धाच्या आठवणी असोत, आजारपणाची रोजनिशी असो, शास्त्रज्ञाचे चरित्र असो की निखळ कल्पित. चित्रांतून सांगितले की सगळे एकाच फळीवर, आणि शेजारी पेन्सिलीने हातपाय कसे काढावेत हे शिकवणारी पुस्तके. विषयाच्या कपाटापाशी उभ्या राहणाऱ्या वाचकाला ती दिसणारच नाहीत. काही ठिकाणी तर चित्रे दिसली की पुस्तक बालविभागात जाते. म्हणून ग्रंथालयाच्या सूचीत शोधताना विषयाच्या शब्दाबरोबर 'कॉमिक्स' किंवा 'ग्राफिक नॉव्हेल' हा शब्द घालावा, नुसत्या विषयावर थांबू नये.

वृत्तपत्रेही यातून सुटलेली नाहीत. आर्ट स्पिगेलमन यांच्या 'माउस' या ग्राफिक नॉव्हेलचा दुसरा खंड १९९१ मध्ये आला तेव्हा 'न्यूयॉर्क टाइम्स'ने तो खपाच्या यादीत कल्पित साहित्यात घातला. ज्यूंच्या संहारातून वाचलेल्या वडिलांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित करून हे पुस्तक उभे केलेले. लेखकाने संपादकांना पत्र लिहून हरकत घेतली, आणि पुस्तक कल्पितेतर यादीत हलवले गेले. पुढच्या वर्षी त्याला पुलित्झरचे विशेष पारितोषिक मिळाले. संपादकांना पाठवलेल्या पत्रांचा उपयोग होतो तो असा कधीमधी.

आता पान कसे पाहावे याबद्दल. ग्राफिक नॉव्हेल हातात घेतल्यावर पाठराखण, म्हणजे मागच्या बाजूचा ओळख करून देणारा मजकूर, वाचू नये. पुस्तक तीन ठिकाणी उघडावे: सुरुवातीची दहाएक पाने सोडून, मध्यावर आणि शेवटच्या तृतीयांशात कुठेतरी, अखेरची पाने मात्र टाळावीत. आधी शब्द न वाचता फक्त चौकटी पाहाव्यात. कोण कुठे उभे आहे, नजर एका चौकटीतून दुसरीत कशी जाते, हे अडखळल्याशिवाय कळते का? नंतर उलटे करावे, चित्रांकडे दुर्लक्ष करून फक्त फुगे आणि निवेदनाच्या पट्ट्या वाचाव्यात. नुसत्या मजकुरातून सगळे कळत असेल तर चित्रे सजावटीपुरती आहेत आणि ते पुस्तक बहुधा एखाद्या कथेला किंवा पटकथेला चौकटी लावून तयार केलेले आहे. 'तो रागाने दार आपटून निघून गेला' अशी पट्टी आणि खाली दार आपटणारा माणूस, असे दोन-तीन पानांत दिसले की पुस्तक खाली ठेवायला हरकत नाही. शब्द एक सांगतात, चित्र दुसरेच काही सुचवते आणि अर्थ दोहोंच्या मध्ये कुठेतरी तयार होतो, असे असेल तर ते घ्यावे.

चौकटींच्या मधली कोरी जागाही वाचायची असते. कॉमिक्सचे चित्रकार आणि अभ्यासक स्कॉट मॅक्लाउड यांनी १९९३ मध्ये एका चौकटीतून दुसरीत जाण्याचे सहा प्रकार सांगितले. क्षणाकडून क्षणाकडे, कृतीकडून कृतीकडे, एका व्यक्ती-वस्तूकडून दुसरीकडे, प्रसंगाकडून प्रसंगाकडे, एकाच जागेच्या किंवा मनःस्थितीच्या निरनिराळ्या अंगांकडे, आणि वरवर पाहता संबंध नसलेल्या चित्राकडे. हे पाठ करण्याची गरज नाही. पण पंधरा-वीस पाने चाळून सगळ्या उड्या कृतीकडून कृतीकडेच आहेत असे दिसले तर पुस्तक घटनाप्रधान, वेगवान असणार. पाचवा प्रकार वारंवार दिसला, म्हणजे खिडकी, मग पाऊस, मग रिकामी खुर्ची, तर ते संथ आहे आणि त्याला त्याच्या गतीने वाचावे लागेल. यात चांगले-वाईट काही नाही. वेगवान पुस्तकाच्या अपेक्षेने संथ पुस्तक घरी नेले की 'यात काही घडतच नाही' अशी तक्रार जन्माला येते, इतकेच.

अनुवादित ग्राफिक नॉव्हेलमध्ये अक्षरांकन, म्हणजे फुग्यांत आणि पट्ट्यांत अक्षरे बसवण्याचे काम, सर्वांत आधी तपासावे. फुग्याचा आकार मूळ भाषेच्या मापाने काढलेला असतो. रोमन कॅपिटल अक्षरे एका उंचीत बसतात. देवनागरीत वर वेलांटी, मात्रा, रफार आणि खाली उकार, जोडाक्षरांचे पाय. त्यामुळे दोन ओळींमध्ये अधिक जागा लागते. ती नसेल तर अक्षरे बारीक केली जातात किंवा मजकूर छाटला जातो. मांगामधले, म्हणजे जपानी कॉमिक्समधले, फुगे उभे आणि अरुंद असतात, कारण मूळ लिपी वरून खाली लिहिलेली. आडव्या लिपीत तिथे एकेका ओळीत जेमतेम एक शब्द मावतो आणि लांब शब्द तुटतात. मांगा वाचताना उजवीकडून डावीकडे जायचे असते, चौकटींचा क्रमही तसाच. काही जुन्या इंग्रजी आवृत्त्यांत पाने आरशातल्यासारखी उलटवून छापली गेली, त्यामुळे सगळी पात्रे डावखुरी झाली. छपाईच्या पानावर (प्रकाशक, हक्क, आवृत्ती यांची माहिती असते त्या) 'मूळ दिशेने' असा उल्लेख आहे का ते पाहावे.

आकाराकडे तर कोणाचेच लक्ष नसते. फ्रेंच-बेल्जियन पद्धतीचा अल्बम साधारण २४ × ३२ सेंटिमीटरचा आणि बहुधा ४८ पानांचा असतो (सोळा पानांचे तीन फर्मे). तोच १७ × २४ मध्ये छापला की लांबी-रुंदी पाऊणपट झाल्यासारखी वाटते, पण क्षेत्रफळ जवळजवळ निम्म्यावर येते. पार्श्वभूमीतले तपशील चिखल होतात आणि वाचक चित्रकाराला दोष देतो. चिकटवलेल्या बांधणीत जोडपानावरचे, म्हणजे समोरासमोरच्या दोन पानांवर पसरलेले, चित्र मधल्या खाचेत गिळले जाते. असे एखादे जोडपान उघडून मधोमध कोणाचा चेहरा तर गेला नाही ना, एवढे पाहावे. मोबाइलवर एकेक चौकट मोठी करून दाखवणारी सोय असते, तिच्यात संवाद वाचता येतात पण पानाची रचना संपते. पान उलटल्यावर धक्का बसावा म्हणून लेखकाने जे उजव्या पानाच्या शेवटच्या चौकटीत रोखून धरले होते, त्याचा तिथे काही परिणाम उरत नाही. स्क्रीनवरच वाचायचे असेल तर निदान टॅब्लेटवर, पूर्ण पान एकावेळी दिसेल असे.

आणखी एक. पुस्तक पूर्ण आहे की मालिकेतला खंड, हे कण्यावर अनेकदा छापलेले नसते. आतल्या शीर्षकपानावर आणि छपाईच्या पानावर ते सापडते. पहिला आणि तिसरा खंड आहे, दुसरा नाही, ही ग्रंथालयांची जुनी व्यथा आहे. वाचताना दोनशे पाने दीड-दोन तासांत उरकतात, कारण पहिल्या वाचनात डोळा शब्दांमागे धावतो. लगेच दुसऱ्यांदा, शब्द टाळून वाचले तरच पुस्तक वाचले असे म्हणता येईल.

कादंबरीबद्दल थोडक्यात, कारण तिच्याबद्दल पुष्कळ लिहिले जाते. पुरस्काराची बातमी आली की विजेत्या पुस्तकावर उड्या पडतात. शोधणाऱ्याने विजेता सोडून दीर्घयादीकडे वळावे. इंग्रजी कादंबऱ्यांसाठीच्या बुकर पुरस्काराची दीर्घयादी, म्हणजे पहिल्या फेरीची निवड, २००१ पासून जाहीर होते आणि तीत बारा-तेरा पुस्तके असतात. परीक्षकांचे एकमत होण्यापूर्वीचे धाडस तिथेच दिसते. विजेता बऱ्याचदा कोणाचाच कडवा विरोध नसलेला असतो. २०१८ च्या दीर्घयादीत निक ड्रनासो यांची 'सब्रिना' होती, या यादीत आलेली पहिली ग्राफिक नॉव्हेल. ती लघुयादीत पोहोचली नाही आणि बातम्यांतून विरून गेली. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात पुरस्कार मिळालेल्या आणि अंतिम यादीत राहून हुकलेल्या पुस्तकांना वाचकांनी दिलेले गुण तपासले गेले. पुरस्कारानंतर विजेत्या पुस्तकांचे गुण घसरल्याचे दिसले. पुस्तक तेच राहते, पण बातमी वाचून असे वाचक येतात ज्यांना एरवी त्या जातीचे लेखन रुचत नाही. तेव्हा पुरस्कारप्राप्त कादंबरीला मिळालेले कमी तारे पाहून ती टाकू नये, आणि पुरस्कार पाहून उचलूही नये.

अनुवादित कादंबरीत अनुवादकाचा माग हा सर्वांत भरवशाचा मार्ग. चांगला अनुवादक आयुष्याची एक-दोन वर्षे ज्या पुस्तकाला देतो ते बहुधा निवडून घेतो. एखादा अनुवाद आवडला तर त्या लेखकाचे दुसरे पुस्तक शोधण्याऐवजी त्या अनुवादकाने केलेला दुसरा लेखक वाचावा. आंतरराष्ट्रीय बुकरची ५०,००० पौंडांची रक्कम २०१६ पासून लेखक आणि अनुवादक यांच्यात समसमान वाटली जाते. २०२२ मध्ये गीतांजली श्री आणि डेझी रॉकवेल, २०२५ मध्ये बानू मुश्ताक आणि दीपा भास्ती अशा जोड्या गौरवल्या गेल्या. परीक्षणांत मात्र अनुवादकाला 'अनुवादही सरस' एवढे दोन शब्द मिळतात.

अनुवाद मूळ भाषेतून आहे की मधल्या भाषेतून, हेही तपासायला हवे. छपाईच्या पानावर मूळ स्पॅनिश किंवा जपानी शीर्षक नसेल आणि फक्त इंग्रजी शीर्षक असेल, तर अनुवाद इंग्रजीवरून आहे असे समजावे. अशा अनुवादात पहिल्या अनुवादकाच्या तडजोडी दुसऱ्याच्या माथी येतात. 'संक्षिप्त' हा शब्दही याच पानावर बारीक अक्षरात लपलेला असतो.

कादंबरी चाळताना पहिले पान वाचून निर्णय घेऊ नये. पहिली दोन-तीन पाने सर्वाधिक वेळा घासलेली असतात, कारण संपादकाच्या हातात आधी तीच पडतात. एक तृतीयांशाच्या आसपास, जिथे नवे प्रकरण सुरू होते, तिथून सलग तीन पाने वाचावीत. संवादातली माणसे वेगवेगळी बोलतात, की सगळी लेखकाच्याच तोंडाने? वर्णन पात्राच्या नजरेतून येते, की माहिती द्यायची म्हणून? अनेक निवेदक असलेल्या कादंबरीत ही कसोटी फसते, कारण ती तीन पाने नेमकी सर्वांत कंटाळवाण्या निवेदकाची असू शकतात. अशा वेळी दोन निवेदकांची दीड-दीड पाने घ्यावीत.

निबंधांकडे वळू. इथे अडचण उलटी आहे. ग्राफिक नॉव्हेल एका फळीवर कोंबलेली, तर निबंध दहा कपाटांत पांगलेले. ड्यूई पद्धतीत साहित्यवर्गातला ४ हा आकडा निबंधाचा: इंग्रजी निबंध ८२४, अमेरिकी ८१४, फ्रेंच ८४४. पण हे केवळ साहित्य म्हणून ओळखल्या गेलेल्या निबंधांचे. पक्ष्यांवरचे निबंध पक्ष्यांत (५९८), प्रवासावरचे ९१० मध्ये, वैद्यकावरचे ६१० मध्ये जातात. त्यामुळे उत्तम गद्य लिहिणारा डॉक्टर किंवा भूगर्भशास्त्रज्ञ निबंधाच्या फळीवर कधीच भेटत नाही. आपल्याला ज्या विषयात गती आहे त्याच्या कपाटात पातळ पुस्तके शोधावीत. अनुक्रमणिकेत एकमेकांवर न अवलंबणारी प्रकरणे आणि मागे पूर्वप्रसिद्धीची टीप असेल तर ते निबंधाचे पुस्तक आहे, त्यावर काहीही छापलेले असो.

ही पूर्वप्रसिद्धीची टीप सोन्याची. कोणता लेख कोणत्या नियतकालिकात, कोणत्या वर्षी आला ते तिथे असते. संग्रहातले आवडलेले तीन-चार लेख आधी खूण करून ठेवावेत आणि मगच ही टीप उघडावी. त्यांतले दोन-तीन एकाच नियतकालिकातून आलेले निघाले तर आपल्या आवडीचा संपादक सापडला असे समजावे. आता त्या नियतकालिकाचे अंक चाळायचे. वार्षिक निवडक संग्रह हीसुद्धा अशीच वाट. 'बेस्ट अमेरिकन एसेज' ही माला १९८६ मध्ये रॉबर्ट ॲटवन यांनी सुरू केली. दरवर्षीच्या खंडात वीसेक निबंध निवडलेले असतात आणि मागे त्या वर्षातल्या इतर उल्लेखनीय निबंधांची लांबलचक यादी असते. बहुतेक वाचक पुस्तक संपले म्हणून ती पाने सोडतात. खरे तर पुढचे निबंध एका पाहुण्या संपादकाची आवड सांगतात, मागची यादी अख्ख्या वर्षाचा नकाशा देते.

संग्रह घेताना लेखांची लांबी मोजावी. सगळे लेख सव्वादोन ते अडीच पानांचे असतील तर तो सदराचा संग्रह आहे. लांबी विचाराने नव्हे, वृत्तपत्रातल्या चौकटीने ठरवलेली आहे. (हे आपल्यालाच लिहिताना थोडा संकोच होतो.) सदरलेखनही उत्तम असू शकते, पण एकामागून एक पन्नास वाचले की प्रत्येकाच्या शेवटी तीच कलाटणी दिसू लागते; ते दिवसाला एक या हिशेबाने वाचावेत. चार पानांचा एक, तीसचा एक, अकराचा एक अशी विषम लांबी असेल तर लेखकाने विषयाला हवी तेवढी जागा दिली आहे. सगळ्यांत लहान आणि सगळ्यांत मोठा, हे दोन आधी वाचावेत. लहानात भाषेचा कस दिसतो, मोठ्यात दम. 'निवडक निबंध' असे शीर्षक असेल तर निवड कोणी केली आणि प्रत्येक निबंधाखाली मूळ साल आहे का ते पाहावे. सालाविना छापलेला निबंध वाचताना लेखक पंचविशीत बोलतोय की सत्तरीत, हे कळायला मार्ग राहत नाही.

पुस्तकामागे नामसूची असेल तर ती आधी उघडावी. ज्या नावापुढे सर्वाधिक पृष्ठांक असतील तो या लेखकाचा गुरू किंवा प्रतिस्पर्धी. एकमेकांशी संबंध नसलेल्या तीन लेखकांच्या सूचीत एकच अनोळखी नाव भेटले तर पुढचे पुस्तक ठरले.

संकेतस्थळांवरच्या ताऱ्यांबद्दल आणि 'हे घेणाऱ्यांनी हेही घेतले' याबद्दल एवढेच, की सोबत विकले जाणे म्हणजे सोबत वाचले जाणे नव्हे. लोकप्रिय पुस्तकापासून निघालात तर दोन-तीन टिचक्यांत पुन्हा लोकप्रिय पुस्तकापाशीच याल, कारण ते सगळ्यांच्याच सोबत विकलेले असते. शोध सुरू करावा तो लेखकाच्या कमी गाजलेल्या पुस्तकापासून. मालिकेतल्या पाचव्या खंडाला पहिल्यापेक्षा जास्त तारे असतात, कारण ज्यांना पहिला आवडला नाही ते पाचव्यापर्यंत येतच नाहीत. अभिप्रायांपैकी मधले, तीन ताऱ्यांचे वाचावेत. काय आवडले आणि कुठे बिनसले, दोन्ही तिथेच लिहिलेले असते.

आता विनंती. आपल्या पुस्तकपरीक्षणांखाली बारीक टायपात पुढील तपशील द्यावा: मूळ शीर्षक आणि वर्ष, कोणत्या भाषेतून अनुवाद, अनुवादक, पृष्ठसंख्या, स्वतंत्र पुस्तक की कितवा खंड, सूची व पूर्वप्रसिद्धीची टीप आहे की नाही, आणि आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय ओळखक्रमांक. हा शेवटचा आकडा निरुपयोगी वाटतो, पण कापडी बांधणी, कागदी बांधणी, ई-पुस्तक या प्रत्येकाचा तो वेगळा असतो, म्हणून नेमकी हवी ती आवृत्ती मागवता येते. १ जानेवारी २००७ पासून तो तेरा अंकी आहे आणि त्याच्या पाच भागांतला तिसरा भाग प्रकाशकाचा असतो. लहान प्रकाशकाचे एक पुस्तक आवडले तर सूचीत तिसऱ्या भागापर्यंतचे अंक टाकून त्याच क्रमांकमालेतली इतर पुस्तके शोधता येतात, जिथे शोधयंत्र अपुरे अंक स्वीकारते तिथे.

ग्राफिक नॉव्हेलच्या बाबतीत याशिवाय पानाचा आकार, रंगीत की कृष्णधवल, वाचनाची दिशा आणि रंगकार व अक्षरांकनकार यांची नावे हवीत. आणि सर्वांत महत्त्वाचे, प्रकाशकाच्या परवानगीने आतले एक अख्खे पान, फुग्यांतली अक्षरे वाचता येतील इतक्या मोठ्या आकारात छापावे. सुटी चौकट नको. तिच्यावरून मांडणीचा पत्ता लागत नाही. जागेचा प्रश्न असेल तर मुखपृष्ठाचे चित्र लहान करावे. दुकानात पुस्तक ओळखण्यापुरते ते दोन सेंटिमीटरचेही चालते.

कळावे,
आपला विश्वासू,
एक ग्रंथपाल